ग्लीन म्हणजे सरवा वेचणे

ही गोष्ट मी आजवर कुणाला सांगितलेली नाही. बायकोला नाही, मुलांना नाही, देवासमोर हात जोडतानाही नाही. शाळेतून निवृत्त झालो तेव्हा निरोपाच्या सभेत सगळेच म्हणतात तसं मीही म्हणालो — काही चुकलंमाकलं असेल तर पोटात घाला. लोकांनी टाळ्या वाजवल्या, शाल दिली, नारळ दिला. काय चुकलं, असं कुणी विचारलं नाही. विचारलं असतं तर सांगितलं असतं का? नाही. तेव्हाही मी हसून वेळ मारून नेली असती.

तुमची-माझी ओळख नाही म्हणून तुम्हाला सांगायला घेतलंय. ओळखीच्या माणसाला सांगायचं म्हणजे उद्या त्याच्यासमोर बसून चहा प्यावा लागतो.

एका इंग्रजी शब्दाची ही गोष्ट आहे. हसू नका. एका शब्दानं असं काय होणार, असं मलाही वाटायचं. शब्द आहे ग्लीन. क्रियापद. फारसा कुठं न येणारा शब्द. इंग्रजीचे चांगले चांगले मास्तर अख्खी नोकरी करतात आणि त्यांची या शब्दाशी कधी गाठ पडत नाही. माझी पडली, आणि मी — पण हे असं एकदम नाही सांगता येणार. आधी मी कोण होतो ते सांगतो. म्हणजे मी स्वतःला कोण समजत होतो ते.

औराद तालुक्यात, ठाणाकुशनूरच्या पुढे बैलगाडीनं दीडेक तासावर एक गाव आहे. नाव सांगत नाही, गावाचा यात दोष नाही. पूर्वीचा निजामाचा हा मुलूख म्हैसूर राज्यात जाऊन तीन-चार वर्षं झाली होती. माणसं होती तिथंच होती, कागद तेवढे भाषा बदलत होते. आधी सगळं उर्दूत असायचं. मग चावडीवर कन्नड आलं, कोर्टाचा कागद इंग्रजीत यायला लागला, आणि घराघरांत बोलणं आपलं मराठी. हातात कागद पडला की तो उजवीकडून वाचायचा का डावीकडून, इथपासून लोकांची सुरुवात व्हायची.

अशा गावात मी इंग्रजीचा मास्तर म्हणून आलो. आमचं घराणं मेंढपाळांचं. आजा मेंढरांमागं गेला, बाप मेंढरांमागं गेला, चुलते तेव्हाही मेंढरांमागंच होते. मी उशिरा का होईना शाळेत गेलो, गुलबर्ग्याला राहून इंटर पास झालो. आमच्या लोकांत तेवढं शिकलेला आसपासच्या गावांत दुसरा कुणी नव्हता. ज्यांच्या बांधावर माझा बाप पटका काढून उभा राहायचा, ते आता मला 'या मास्तर, बसा मास्तर' म्हणत होते. डोकं फिरायला माणसाला आणखी काय लागतं?

कुणाला समन्स आलं, कुणाच्या लष्करातल्या मुलाची तार आली, की ती माझ्याकडं यायची. आणि मी मनातल्या मनात एक नियम करून टाकला होता — 'मला येत नाही' असं कधीही म्हणायचं नाही. एकदा तोंडातून गेलं की संपलं, परत आपण मेंढक्याचं पोर. अडलेला शब्द आला की मागचं-पुढचं बघून मी अंदाज करायचो. बहुतेक वेळा जमायचं. नाही जमलं तरी कळणार कुणाला? गावात डिक्शनरी नव्हती. माझ्याकडंही नव्हती, पण ते कुणाला माहीत नव्हतं.

नववीच्या पुस्तकात सुगीचा एक धडा होता. परदेशातलं गाव, गव्हाची शेतं, कापणी करणारी माणसं. त्यात एक वाक्य होतं की माणसं पुढं गेल्यावर मागून बायका शेतात ग्लीन करत होत्या. वाचता वाचता मी त्या शब्दापाशी आलो आणि मला तो येत नव्हता. पुस्तकात वर चित्र होतं — एक बाई कंबरेत वाकलेली, झग्याच्या ओट्यात काहीतरी धरलेलं, आणि लांबवर घोड्यावर बसलेला टोपीवाला मालक. मी चित्राकडं पाहिलं. बाई लपतछपत काहीतरी घेतेय, मालक बघतोय. झालं. फळ्यावर लिहिलं, ग्लीन म्हणजे चोरणे.

मुली तीनच होत्या वर्गात. त्यातली एक उभी राहिली. तिचं नाव शेवंता. गावाच्या दक्षिणेच्या वस्तीतली, बौद्ध घरातली. चार वर्षांपूर्वी त्या वस्तीनं धम्म घेतला होता. बाप नव्हता, माय गिरजाबाई रोजानं रानात जायची आणि पोरीला शाळेत घालायची. त्या वस्तीतून नववीपर्यंत पोचलेली ती पहिलीच मुलगी.

"गुरुजी, ही बाई चोरायली न्हाई वो," ती म्हणाली. "सरवा येचायलीय."

मी विचारलं, तुला काय माहीत?

"तिच्या पायाखाली निस्ती धसकटं हायती की. रान कापून झालंय. आन् वट्यात मोडकी कणसं हायत. माझी माय आशीच येचती."

आता तुम्ही शहरातले असाल तर सरवा म्हणजे काय ते सांगायला हवं. ज्वारी काढून झाली, कणसं खळ्यावर गेली, की रानात इकडं तिकडं सुटलेली, तुटून पडलेली कणसं राहतात. ती गोरगरिबांच्या बायकांनी वेचायची. मालकाला विचारायचंही नसतं. कापणी उरकली की बायका रानात शिरतात, आणि चांगला मालक असेल तर तो कापणाऱ्यांना म्हणतो, लई झाडून घेऊ नका रे, मागं काही राहू द्या. दोन महिन्यांची भाकरी निघते त्यात कुणाकुणाची. त्याला सरवा म्हणतात.

मला हे माहीत नव्हतं का? मी तर त्यातच वाढलो. रान मोकळं झालं की आमची मेंढरं त्यात बसायची. खाली पडलेलं खायची, रात्रभर रानाला खत द्यायची, मालक खूश असायचा. तेच पडलेलं धान्य, फक्त वेचणारं तोंड वेगळं. त्या क्षणी, त्या पोरीच्या बोटाखालचं चित्र बघताना, मला लख्ख कळलं की ती म्हणते तेच बरोबर आहे. इंग्रजी शब्दाचा अर्थ मला अजून नव्हता माहीत, पण चित्र तिनं बरोबर वाचलं होतं आणि मी चूक वाचलं होतं.

मागच्या बाकावरची पोरं फसकन हसली. कुणाला हसली? कदाचित तिला. मला वाटलं, मला.

मी म्हणालो, इंग्रजी तुझ्या मायला येते का मला? आता वर्ग तिलाच हसला, यात शंका नव्हती. मग मी तिला दहा वेळा लिहायला लावलं — ग्लीन म्हणजे चोरणे. तिनं लिहिलं. तिचं अक्षर फार सुंदर होतं, ओळी अगदी सरळ. मी वही तपासली आणि खाली लाल शाईनं 'बरोबर' असं लिहून सही केली.

इथवरचं ऐकून तुम्ही म्हणाल, एवढंच ना? मास्तर लोक असं करतातच. मीही बरीच वर्षं स्वतःला तेच सांगत आलो. पण कबूल करायचं ते पुढं आहे.

माझी खोली शिवलिंगप्पांच्या घरात होती. गावातलं मोठं शेत त्यांचंच. माणूस तसा वाईट नव्हता, मला सकाळी दूध पाठवायचे, सणाला जेवायला बोलवायचे. त्यांचा मुलगा मन्मथ माझ्याच वर्गात. त्यानं त्या दिवशी घरी जाऊन सांगितलं असणार, कारण आठ दिवसांत तो शब्द गावभर झाला. वस्तीतल्या बायका पाण्याला निघाल्या की पोरं ओरडायची — ग्लीन आली, ग्लीन आली! मी ऐकत होतो. ओसरीवर बसून वही तपासत होतो आणि ऐकत होतो.

शिवलिंगप्पांच्या मनात आधीपासून एक सल होता. धम्म घेतल्यापासून वस्तीनं गावकीची कामं सोडली होती. मेलेलं जनावर ओढणार नाही, दवंडी देणार नाही, असं त्यांनी सरळ सांगितलं होतं. गावातल्या बऱ्याच जणांच्या पोटात ते दुखत होतं, पण बोलायला कुठून धरायचं ते सापडत नव्हतं. कामं सोडली म्हणून सरवा बंद करावा तर सरव्याचा गावकीशी काही संबंध नाही, तो कुणीही गरीब वेचतो. जे सापडत नव्हतं ते मी फळ्यावर लिहून दिलं.

त्याच महिन्यात मला प्रशिक्षणासाठी आठ दिवस गुलबर्ग्याला जावं लागलं. तिथल्या वाचनालयात एका उंच टेबलावर मोठी डिक्शनरी उघडी ठेवलेली असायची, उभं राहून बघायची. पहिल्या दिवशी मी तिच्याजवळ गेलोच नाही. दुसऱ्या दिवशी शेजारचं मासिक चाळलं. कामून एवढी भीती? — आता मलाच हसू येतं. तिसऱ्या दिवशी पान उलटलं. ग्लीन. कापणी झाल्यावर शेतात मागं राहिलेली कणसं वेचणे. आणि खाली दुसरा अर्थ — इकडून तिकडून, थोडं थोडं करून, चिकाटीनं माहिती किंवा ज्ञान गोळा करणे.

दुसऱ्या अर्थापाशी मी बराच वेळ उभा होतो. शेवंताकडं पुस्तक नव्हतं. मधल्या सुट्टीत ती दुसऱ्यांची पुस्तकं मागून घ्यायची आणि धडे वहीत उतरवून काढायची, कुणी दिलं तेवढं, कुणी परत मागेपर्यंत. ते चित्र तिनं असंच कुणाच्यातरी पुस्तकात माझ्या आधी पाहिलेलं असणार.

मी एका चिठ्ठीवर दोन्ही अर्थ उतरवून घेतले. इंग्रजी वर, आणि खाली मराठीत माझ्या हातानं — सरवा वेचणे. चिठ्ठी सदऱ्याच्या खिशात ठेवली. गुलबर्ग्याहून बीदर, बीदरहून औराद, सगळ्या बसप्रवासात मी बोलायचं ठरवत होतो. सोमवारी वर्गात जायचं. आधी हजेरी. मग म्हणायचं, शेवंता, उभी राहा. त्या दिवशी तू बरोबर होतीस. एवढंच. किती सोपं होतं! हुमनाबादच्या पुढं तर मला स्वतःचं कौतुकच वाटायला लागलं होतं, असा मोठ्या मनाचा मास्तर म्हणून.

रविवारी सकाळी गावात उतरलो. घरी पोचायच्या आत बोलावणं आलं, चावडीवर या.

चावडीवर गाव गोळा झालं होतं. मधोमध गिरजाबाई उभी होती, डोक्यावर पदर, पुढ्यात एक गाठोडं. तिच्या मागं शेवंता. शिवलिंगप्पांच्या रानात आदल्या दिवशी कापणी उरकली होती, आणि ही माय दरवर्षीसारखी भल्या सकाळी सरव्याला गेली होती. गड्यांनी तिला गाठोड्यासकट धरून आणलं होतं. चोरी म्हणून.

बाजूला करीमसाब मुन्शी बसले होते. निजामाच्या काळात त्यांनी गावची सगळी उर्दू कागदपत्रं लिहिलेली. आता त्यांना कुणी विचारत नव्हतं, पण ते चावडीवर येऊन बसायचे. मी पोचलो तेव्हा तेच बोलत होते. "पुराने कागदां में इसकू खोशाचीनी बोलते थे. चोरी नैं बोलते थे, अप्पा. चोरी का लफ्ज अलग है." चावडीचा शिपाई कन्नड बोलणारा, तोही हळूच म्हणाला, आमच्यात ह्याला हक्कलु म्हणतात. मराठीत सरवा, कन्नडात हक्कलु, उर्दूत खोशाचीनी. तीन भाषांत त्या कामाला स्वतःचं नाव होतं, आणि तिन्हींत ते नाव चोरीचं नव्हतं.

शिवलिंगप्पांनी मला पाहिलं. "या मास्तर, बरं झालं आलाव. उर्दूचे दिवस गेले. उद्या ह्ये कोर्टात गेलं तर कागुद इंग्रजीत व्हणार. इंग्रजीत ह्याला काय म्हणतेत, त्ये तुमी सांगा. पोराच्या वर्गात तर तुमीच लिवून दिलंव."

आणि तेव्हा गिरजाबाई बोलली. ती शिवलिंगप्पांशी बोलली नाही, माझ्याशी बोलली.

"गुरुजी, माझी लेक तुमच्यापशी शिकायलीय. तुमी खोटं सांगणार न्हाई. तुमी म्हणसाल त्ये मला कबूल हाय."

सगळे माझ्याकडं बघत होते. मन्मथ होता, वर्गातली आणखी पाच-सहा पोरं होती, दोन मास्तर होते. माझा उजवा हात खिशात होता. चिठ्ठीची घडी बोटांना लागत होती. बाहेर काढायची, वाचून दाखवायची, संपलं. मी चुकलो होतो, असे तीन शब्द.

मी खूप विचार केलाय, मी तेव्हा काय विचार करत होतो याचा. खोली जाईल असं वाटलं का? नाही. शिवलिंगप्पांनी मला हाकललं नसतं. बदली होईल? तेही नाही. डोक्यात एकच गोष्ट होती, की गुरुजी चुकले असं हे लोक आज घरी जाऊन म्हणतील. बास. आणि एका बाईची वर्षानुवर्षांची वहिवाट, तिची अब्रू एका बाजूला असताना माझ्या तराजूत हे जड झालं. मी घाबरलो होतो असं म्हटलं तर बरं दिसेल, पण घाबरण्यासारखं तिथं काहीही नव्हतं.

मी म्हणालो, "इंग्रजीत त्याला ग्लीन म्हणतात. ग्लीन म्हणजे चोरणे."

करीमसाब माझ्याकडं बघत राहिले. मग त्यांनी काठी उचलली आणि ते उठून गेले. त्यांना माझं खोटं कळलं होतं का? मला वाटतं, कळलं होतं. पुढं सात-आठ वर्षं जगले, पण माझ्याशी परत बोलले नाहीत.

गिरजाबाई कबूल म्हणाली होती, ते तिनं पाळलं. खाली बसली, गाठोड्याची गाठ सोडली आणि कणसं चावडीच्या फरशीवर ओतली. बारकी बारकी, किडकी, चिमण्यांनी अर्धी खाल्लेली कणसं. सुपात मावतील एवढी. कोंबड्या धावत आल्या आणि त्यांना कुणी हाकललं नाही.

मी शेवंताकडं बघायचं टाळत होतो. पण तिचा आवाज कानावर आलाच. ती आईच्या खांद्याला धरून तिला उठवत होती आणि अगदी हळू सांगत होती, "माय, गुरुजी म्हणायलेत तर आसंल तसंच. आपल्याला कुठं इंग्रजी येती."

वर्गात मला अडवणारी पोर होती ती. धसकटं दाखवून, कणसं दाखवून मला चूक ठरवणारी. तिनं माझ्यावर विश्वास ठेवला. गावासमोर, आईच्या बाबतीत मास्तर खोटं बोलणार नाही, असं तिला वाटलं. तिनं मनातून मला शिव्या दिल्या असत्या तर मला आज इतकं लागलं नसतं.

त्या वर्षापासून वस्तीच्या बायकांना रानात शिरायची बंदी झाली. आधी शिवलिंगप्पांच्या रानात, मग बघून बघून बाकीच्यांच्याही. सगळ्यांच्या तोंडी एकच, मास्तरांनी सांगितलंय, चोरी आहे ती. आणि पडलेल्या कणसांचं काय झालं सांगू? महिन्याभरात माझे चुलते कळप घेऊन त्या बाजूला आले. शिवलिंगप्पांनी त्यांना मोठ्या मानानं बोलावून रानात मेंढरं बसवली. मास्तरांचे चुलते म्हणून. गिरजाबाईला चोर ठरवून जे रानात राहिलं, ते आमच्या मेंढरांनी खाल्लं. चुलते जाताना मला म्हणाले, तुझ्यामुळं मान मिळाला पोरा. मी त्यांना गाडीरस्त्यापर्यंत सोडायला गेलो.

सोमवारी शेवंता आली नाही. मंगळवारीही नाही. मी रोज हजेरीत तिचं नाव घ्यायचो आणि क्षणभर थांबायचो, जणू ती दारातून येणारच आहे. महिना झाला तसं नाव काढायचा नियम होता. मीच काढलं, त्याच लाल शाईनं. पाडव्यानंतर कळलं की मायलेकी गुलबर्ग्याला गेल्या, तुरीच्या डाळीच्या गिरणीत कामाला लागल्या. वस्तीवर जाऊन चौकशी करायला मला दहा मिनिटं लागली असती. मी गेलो नाही.

पुढं मी तीस वर्षं इंग्रजी शिकवली. पुस्तकं बदलली, पण तो धडा बरीच वर्षं होता. मी तो कधी शिकवला नाही. पोरांना सांगायचो, हा परीक्षेला येत नाही, पुढचं पान उघडा. एक-दोनदा तो परीक्षेला आलाही. पोरं म्हणाली, गुरुजी तुम्ही तर... मी म्हणालो, पेपर काढणाऱ्याची चूक आहे.

स्वतःची डिक्शनरी घेतली, ती पुष्कळ उशिरा. चिठ्ठी तोवर मी जपून ठेवली होती. फाडून का नाही टाकली? माहीत नाही. ती मी त्या शब्दाच्या पानात ठेवली. लोक म्हणायचे, मास्तरांची डिक्शनरी आपोआप एकाच पानावर उघडते. मी हसायचो. मुलांनाही पुढं त्या पुस्तकाला हात लावू दिला नाही मी.

गेल्या वर्षी पेन्शनच्या कागदांसाठी गुलबर्ग्याला गेलो होतो. काम दुपारीच उरकलं. बसस्टँडवर बाकड्यावर बसलो होतो, तर एक बाई समोर येऊन थांबली. पंचेचाळिशीची असेल. हातात जेवणाचा डबा, केसांवर, भुवयांवर डाळीची बारीक पिवळी भुकटी. गिरणी सुटली की बायका अशाच दिसतात तिथं.

"गुरुजी, वळखलाव का? मी शेवंता. गिरजाबाईची."

ओळखलं. आवाजावरूनच ओळखलं.

तिनं माझी चौकशी केली, पोरंबाळं कुठं असतात विचारलं. स्वतःचं सांगितलं — त्याच गिरणीत आहे, डाळ निवडते, नवराही तिथंच हमाली करतो, थोरली मुलगी बारावीला आहे आणि इंग्रजीत पहिली येते. हे सांगताना तिचा चेहरा उजळला होता. मग मी विचारलं, विचारायला नको होतं, माय कशी आहे?

"माय जाऊन धा वर्षं झाली. हितं आल्यापासून कधी कुणाच्या रानात वाकली न्हाई बगा, गुरुजी. सुगीत सुट्टीच्या दिशी शेजारच्या बाया सरव्याला जायच्या, हाका मारायच्या. माय जायची न्हाई. म्हणायची, इतके वर्स आपुन न कळता चोरी केलाव, आता कळल्यावर कामून करावं? जाताना बी त्येच मनात हुतं तिच्या. मला म्हणली, माझ्या हातून पाप झालं गं."

मी ऐकत होतो. माझ्या बसला अजून अर्धा तास होता. आजूबाजूला कुणी ओळखीचं नव्हतं — ना मन्मथ, ना शिवलिंगप्पा, ना वर्गातलं कुणी. सांगायला काय हरकत होती? तुझी माय चोर नव्हती. तू त्या दिवशी बरोबर होतीस. मला ते चावडीवरही माहीत होतं, खिशात लिहिलेलं होतं.

आणि मी काही बोलायच्या आत तीच बोलली.

"गुरुजी, एक लई वर्सं मनात हाय. त्या दिवशी वर्गात मी तुमच्या तोंडाला लागले. चार पोरांत तुमाला चूक म्हणले. पोरवय हुतं, अक्कल नव्हती. माफ करा मला."

असं म्हणून तिनं डबा खाली ठेवला आणि वाकून माझ्या पायांना हात लावला. ती वाकली तेव्हा मला तिच्या केसांतली डाळीची भुकटी दिसली.

मी तिच्या डोक्यावर हात ठेवला.

"असू दे शेवंता," मी म्हणालो. "त्यात काय एवढं."

तिला मी माफ केलं.